व्हिडिओकलेचे विडंबन

प्रायोगिक व्हिडिओकलेत रुळलेले संकेत मुद्दाम ताणून त्याच माध्यमात केलेले विडंबन. न हलणारा कॅमेरा, एकाच कृतीची आवर्तने, लांबत जाणारा प्रसंग आणि निर्विकार निवेदन हे त्यातले मुख्य संकेत.

हे संकेत लहरीतून आलेले नाहीत. १९६७ मध्ये सोनीचा पोर्टापॅक आला आणि एकट्याला उचलून नेता येईल असा व्हिडिओसंच कलावंतांच्या हाती पडला. अर्ध्या इंची टेपची जोडकाम-कापाकापी जिकिरीची होती, म्हणून चित्रण सलग होई. नट नसत, म्हणून कलावंत स्वतःच कॅमेऱ्यासमोर उभा राही. अमेरिकी कलावंत ब्रूस नाउमन यांच्या काही कृती टेपच्या लांबीइतक्या, तासभर चालतात. पुढे संपादन सोपे झाले, लांबण मात्र राहिली. विडंबनकार बोट ठेवतो ते इथे.

अमेरिकी कलावंत जॉन बाल्डेसारी यांचे काम या प्रकारात सर्वांत सरस मानावे लागेल. १९७१ च्या एका कृतीत ते हातपाय जरासे हलवतात आणि दर वेळी ‘मी कला करतो आहे’ एवढेच म्हणतात. १९७२ मध्ये त्यांनी कुंडीतल्या रोपाला कार्डे दाखवून इंग्रजी मुळाक्षरे शिकवली. पाठ इतक्या चिकाटीने चालतो की मध्येच आपणही रोपाकडे आशेने पाहू लागतो.

पुण्याला विडंबनाची वाट जुनी आहे. इथल्या रविकिरण मंडळाच्या काव्यरीतीवर अत्र्यांनी ‘केशवकुमार’ या नावाने केलेली विडंबने १९२५ मध्ये ‘झेंडूची फुले’ म्हणून पुस्तकरूपात आली. त्या कवितेची वृत्ते आणि लकबी पुरत्या मुरल्याशिवाय असे लिहिता येत नाही. लॉ कॉलेज रोडवर, प्रभात फिल्म कंपनीच्या जागेत, १९६० मध्ये चित्रपटसंस्था सुरू झाली. संथ लयीचे चित्रपट करणारे दिग्दर्शक मणी कौल आणि कुमार शहानी तिथेच शिकले. संथ, लांब शॉटची सवय असलेला प्रेक्षक या शहरात आहे, आणि विडंबनाला तोच लागतो.

समजा, सदाशिव पेठेतल्या एखाद्या स्वयंपाकघरात कुकर चढवला आणि तीन शिट्ट्या होईपर्यंत कॅमेरा हलवला नाही, तर लांबीला कारण असते. सहाव्या शिट्टीलाही शॉट तोच राहिला की विडंबन सुरू होते. लवकर कापला, तर तो नुसता विनोदी तुकडा. करपलेल्या भाताचा वास पडद्यावरून येत नाही. तो प्रेक्षकाला आठवेपर्यंत थांबावे लागते.