स्कॉट, रे

रे स्कॉट (१७ जून १९१९–२३ मार्च १९९८) हे अमेरिकन फुटबॉलच्या दूरचित्रवाणी समालोचनाला मितभाषी वळण देणारे समालोचक होते. त्यांचा जन्म पेनसिल्व्हेनिया राज्यातील जॉन्सटाउन येथे झाला आणि तेथील रेडिओ केंद्रावरच १९३७ मध्ये त्यांनी कामाला सुरुवात केली. पुढे ड्युमाँट या अल्पजीवी दूरचित्रवाणी जाळ्यासाठी त्यांनी फुटबॉल सामन्यांचे समालोचन केले. जानेवारी १९५६ मधील शुगर बोल या महाविद्यालयीन फुटबॉल सामन्यात ऐनवेळी समालोचक बिल स्टर्न यांची जागा घ्यावी लागल्याने त्यांचा आवाज देशभर पोहोचला. या सामन्यात पिट्सबर्ग विद्यापीठाकडून बॉबी ग्रिअर हे कृष्णवर्णीय खेळाडू मैदानात उतरले होते आणि त्यांच्या सहभागाला जॉर्जियाच्या राज्यपालांनी उघड विरोध केल्यामुळे साऱ्या देशाचे लक्ष सामन्याकडे लागले होते.

त्याच वर्षी सीबीएस या दूरचित्रवाणी जाळ्याने राष्ट्रीय फुटबॉल लीगच्या सामन्यांचे नियमित प्रक्षेपण सुरू केले. त्या काळी प्रत्येक संघासाठी स्वतंत्र समालोचक नेमण्याची पद्धत होती आणि स्कॉट यांच्या वाट्याला ग्रीन बे पॅकर्स हा विस्कॉन्सिनमधील लहानशा शहराचा, तेव्हा पडत्या काळातला संघ आला. १९५९ मध्ये व्हिन्स लोम्बार्डी प्रशिक्षक झाले आणि १९६१ ते १९६७ या काळात पॅकर्सनी पाच वेळा अजिंक्यपद मिळवले. एरवी प्रादेशिक राहिला असता असा स्कॉट यांचा आवाज या यशामुळे घरोघरी ओळखीचा झाला.

मात्र त्यांच्या कीर्तीचे श्रेय केवळ संघाच्या यशाला देणे अन्यायाचे ठरेल. रेडिओवर घडलेल्या प्रत्येक हालचालीचे वर्णन करावेच लागते. दूरचित्रवाणीवर प्रेक्षक ती स्वतः पाहत असतो, हे ओळखून त्यांनी शब्दांची काटछाट केली. पॅकर्सचे क्वार्टरबॅक, म्हणजे चेंडू फेकणारे मुख्य खेळाडू, बार्ट स्टार यांनी चेंडू फेकला की ते ‘स्टार’ एवढेच म्हणत, तो झेलला गेला की झेलणाऱ्या खेळाडूचे नाव, ‘डाउलर’, आणि खेळाडू गोलरेषेपलीकडे पोहोचला की ‘टचडाउन’. मधल्या विरामांत प्रेक्षागाराचा कल्लोळ ऐकू येई. हे तीन शब्द योग्य क्षणी उच्चारण्यासाठी चेंडू कोणाच्या हाती गेला याची क्षणार्धात अचूक ओळख पटावी लागते. त्यामुळे ही मितभाषिता भरघोस वर्णनापेक्षा अवघड होती.

३१ डिसेंबर १९६७ रोजी ग्रीन बे येथे उणे २५ अंश सेल्सिअसच्या आसपास तापमानात डॅलस काउबॉइजविरुद्ध झालेला अजिंक्यपदाचा सामना ‘आइस बोल’ म्हणून प्रसिद्ध आहे. त्याच्या पूर्वार्धाचे समालोचन स्कॉट यांनी केले आणि त्या भागातील पॅकर्सचे दोन्ही टचडाउन स्टार यांच्या फेकीवर बॉइड डाउलर यांनीच नोंदवले. उत्तरार्ध जॅक बक यांच्याकडे असल्याने शेवटच्या क्षणांतील निर्णायक टचडाउन मात्र बक यांच्या आवाजात प्रक्षेपित झाले. त्याच वर्षी जानेवारीत लॉस एंजेलिसमध्ये खेळल्या गेलेल्या पहिल्या सुपर बोल या व्यावसायिक फुटबॉलच्या अंतिम सामन्यातही सीबीएसकडून पूर्वार्ध स्कॉट यांनीच सांभाळला होता. दुसऱ्या, सहाव्या आणि आठव्या सुपर बोलसाठीही ते सीबीएसचे समालोचक होते.

१९६० च्या दशकात मिनेसोटा ट्विन्स या बेसबॉल संघाचे समालोचनही ते करीत आणि १९६५ च्या वर्ल्ड सिरीज या बेसबॉलच्या अजिंक्यपद मालिकेच्या प्रक्षेपणात त्यांचा सहभाग होता.

१९७४ मध्ये सीबीएसने मुख्य समालोचकाची जागा पॅट समरॉल यांना दिली. पूर्वी खेळाडू असलेले समरॉल अनेक सामन्यांत स्कॉट यांच्या शेजारी विश्लेषक म्हणून बसलेले होते आणि मोजके बोलण्याची तीच रीत त्यांनी पुढची अनेक वर्षे चालवली. स्कॉट यांचे मिनेसोटा राज्यात निधन झाले. २००० मध्ये प्रो फुटबॉल हॉल ऑफ फेम या व्यावसायिक फुटबॉलमधील मान्यवरांचा गौरव करणाऱ्या संस्थेने त्यांना प्रसारणातील कामगिरीसाठीचा पीट रोझेल पुरस्कार मरणोत्तर दिला.