अन्बे शिवम

'अन्बे शिवम', म्हणजे 'प्रेम हाच शिव', हा जानेवारी २००३ मध्ये पोंगलच्या सुमारास प्रदर्शित झालेला तमिळ चित्रपट. कथा-पटकथा कमल हासन यांची, संवाद व्यंगचित्रकार मदन यांचे, संगीत विद्यासागर यांचे आणि दिग्दर्शन सुंदर सी. यांचे. प्रमुख भूमिकांत कमल हासन, आर. माधवन, किरण राठोड आणि नासर आहेत. (माधवन पदवीला कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजात होते.)

शीर्षक तिरुमूलरांच्या 'तिरुमंदिरम्' या प्राचीन शैव ग्रंथातून आले आहे. प्रेम आणि शिव वेगळे मानणारे अडाणी, अशा आशयाचे त्यातले पद तमिळ घरांत आजही म्हटले जाते. भक्तीतले हे वचन कमल हासन यांच्यासारख्या जाहीर नास्तिकाने उचलून एका कम्युनिस्टाच्या गोष्टीला दिले, ही या चित्रपटाची खरी गंमत.

भुवनेश्वर विमानतळावर पावसामुळे विमान रद्द होते आणि चेन्नईला निघालेले दोन अनोळखी प्रवासी एकमेकांच्या गळ्यात पडतात. एक जाहिरातपट करणारा चकचकीत तरुण, दुसरा जाड भिंगांचा चष्मा लावणारा, चेहऱ्यावर व्रण असलेला, लंगडत चालणारा बडबड्या माणूस. तरुणाला आधी तो दहशतवादीच वाटतो. पुढचा प्रवास बस, रेल्वे, मिळेल त्या वाहनाने. १९८७ च्या 'प्लेन्स, ट्रेन्स अँड ऑटोमोबाइल्स' या हॉलिवूडपटाशी साम्य आहे ते या चौकटीपुरतेच.

नावे नीट ऐकावीत. व्रणवाला आहे नल्लशिवम, म्हणजे 'चांगला शिव'. तरुणाचे नाव अन्बरसु, पण ते जुनाट वाटते म्हणून तो स्वतःला 'ए. अरस' म्हणवतो. 'अन्बु' म्हणजे प्रेम, आणि नेमके तेच त्याने एका आद्याक्षरात गुंडाळून टाकलेले असते! दोघे शेजारी बसले की शीर्षक पुरे होते. उपशीर्षकांवर विसंबणाऱ्या प्रेक्षकाच्या हातून हे हमखास निसटते.

मधल्या फ्लॅशबॅकमध्ये नल्लशिवम धडधाकट आहे: चित्रकार, पथनाट्य करणारा, कामगारांच्या बाजूने उभा राहणारा. या पात्रामागे कम्युनिस्ट पथनाट्यकार सफदर हाश्मी यांची प्रेरणा आहे. १ जानेवारी १९८९ रोजी साहिबाबादजवळ पथनाट्य चालू असताना त्यांच्यावर हल्ला झाला आणि दुसऱ्या दिवशी त्यांचे निधन झाले. चित्रपटातल्या भित्तिचित्रावर मेक्सिकन चित्रकार दिएगो रिवेरा यांची छाप दिसते. कारखानदार कंदस्वामी (नासर) कपाळावर विभूती, तोंडात अखंड शिवनाम. कामगारांची पगारवाढ मात्र देत नाही. त्याच्याच मुलीवर, बालावर, नल्लशिवमचे प्रेम बसते. बस अपघातात त्याच्या देहाची मोडतोड होते आणि कंदस्वामी बालाला तो मेल्याचे सांगतो. अरस चेन्नईला निघालेला असतो तो याच मुलीशी लग्न करायला. योगायोग जरा जास्तच जुळवलेला आहे, हे मान्य करायला हवे.

चित्रपटाचा कणा म्हणजे रेल्वे अपघातानंतरचा प्रसंग. अरस एका जखमी मुलाला रक्त देतो. मूल तरीही दगावते. असला कसला देव, म्हणून तो चिडतो, रडतो. परक्याच्या पोरासाठी रडणारे मन हाच देव, तेव्हा तूच देव आहेस, अशा अर्थाचे नल्लशिवम त्याला सांगतो. सूर प्रवचनाकडे झुकण्याची भीती इथेच होती. रडणाऱ्या माधवनच्या चेहऱ्याने ती टाळली.

तिकीटबारीवर चित्रपट आपटला. मग टीव्हीवरच्या पुनःप्रक्षेपणांतून नवा प्रेक्षक मिळत गेला आणि तो 'कल्ट' म्हणून ओळखला जाऊ लागला. यात त्सुनामीचा उल्लेख आहे. डिसेंबर २००४ मध्ये तमिळनाडूच्या किनाऱ्यावर खरीच त्सुनामी आदळल्यावर तो संवाद लोकांना आठवू लागला आणि कमल हासन यांच्या द्रष्टेपणाच्या दंतकथेत भर पडली. त्या दंतकथेपेक्षा शेवट जास्त लक्षात राहावा असा आहे. लग्न मोडणार नाही, या बोलीवर नल्लशिवम कंदस्वामीकडून पगारवाढीवर सही घेतो. कंदस्वामी त्याला संपवायला आपला माणूस पाठवतो. त्या माणसाचा हात उचलत नाही. नल्लशिवम लंगडत आपल्या वाटेने निघून जातो.