सेवेतून काढलेल्या खाजगी शाळेतील शिक्षकांसाठी: पुणे शाळा न्यायाधिकरणातील अपिलाची प्रक्रिया

खाजगी शाळेच्या व्यवस्थापनाने नोकरीवरून काढले तर दाद कोठे मागावी, या पहिल्याच प्रश्नात अनेक शिक्षकांचे मोलाचे दिवस वाया जातात. १९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्याखाली शिक्षक कामगार ठरत नाही, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने १९८८ मध्ये दिला. त्यामुळे कामगार न्यायालयात खेटे घालण्यात अर्थ नाही. महाराष्ट्रातील मान्यताप्राप्त खाजगी शाळांना १९७७ चा महाराष्ट्र खाजगी शाळांतील कर्मचारी (सेवेच्या शर्ती) विनियमन कायदा, म्हणजेच एमईपीएस कायदा, आणि १९८१ ची नियमावली लागू आहे. या कायद्याच्या कलम ९ खालील अपील पुण्यातील शिक्षकांनी पुण्याच्या शाळा न्यायाधिकरणात दाखल करायचे असते.

बडतर्फी, सेवेतून काढून टाकणे, अन्य प्रकारे सेवासमाप्ती, पदावनती आणि पदोन्नतीत डावलले जाणे, एवढ्याच कारणांसाठी हे अपील करता येते. निलंबन किंवा थकीत वेतन यांचा त्यात समावेश नाही. त्या तक्रारी आधी जिल्हा परिषदेतील शिक्षणाधिकाऱ्यांकडे लेखी द्याव्यात. महापालिका व जिल्हा परिषद शाळांतील शिक्षकांना हा कायदा लागू नाही.

आदेश हाती पडल्यापासून ३० दिवसांत अपील दाखल झाले पाहिजे. संस्थाचालकांशी बोलणी सुरू आहेत, म्हणून ही मुदत थांबत नाही. सबळ कारण दाखवल्यास विलंब माफ होऊ शकतो, पण त्यासाठी स्वतंत्र अर्ज व प्रतिज्ञापत्र लागते. लेखी आदेश न देता केवळ हजेरीपत्रकावर सही करू दिली नाही, तर त्याच दिवशी संस्थेला नोंदणीकृत टपालाने पत्र पाठवून त्याची प्रत शिक्षणाधिकारी कार्यालयात द्यावी आणि पोच घ्यावी. पुढे तारखेचा वाद निघाल्यास हीच पोच उपयोगी पडते.

अपिलात संस्था, मुख्याध्यापक आणि शिक्षणाधिकारी यांना प्रतिवादी करतात. सोबत जाहिरात, नियुक्ती आदेश, शैक्षणिक व व्यावसायिक पात्रतेची प्रमाणपत्रे, राखीव पद असल्यास जातीचे प्रमाणपत्र, वेतनाचा पुरावा, सेवापुस्तकाची प्रत, चौकशीचे कागद आणि सेवासमाप्तीचा आदेश जोडावा. आदेश ज्या पाकिटातून आला ते पाकीटही जपून ठेवावे. शाळा मान्यताप्राप्त आहे का आणि नेमणूक कायद्यानुसार झाली होती का, हे मुद्दे न्यायाधिकरण आधी तपासते, म्हणून जाहिरात आणि नियुक्ती आदेश यांना विशेष महत्त्व आहे. त्या शिक्षकाच्या नेमणुकीला शिक्षणाधिकाऱ्यांची मान्यता (वैयक्तिक मान्यता) मिळालेली नाही, एवढ्यावरून नेमणूक अवैध ठरत नाही, असे मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने सांगितले आहे. तेव्हा मान्यता नाही म्हणून हताश होऊन घरी बसू नये. शाळा कागद देत नसेल, तर शिक्षणाधिकारी कार्यालयातील प्रती माहितीच्या अधिकारात मागवता येतात.

नेमणुकीच्या वेळीच कोऱ्या कागदावर राजीनाम्याची सही मागणे हा उघड अन्याय आहे. कलम ७ प्रमाणे राजीनामा दोन प्रतींत लिहून, दोन्हींवर सही व तारीख घालून, त्यातील एक प्रत स्वतःजवळ ठेवायची असते. कोऱ्या कागदावर सही घेऊन केलेला असा राजीनामा संस्थेने पुढे केल्यास अपिलात ही हकीकत सुरुवातीलाच स्पष्ट मांडावी.

अपिलासोबत स्थगितीचा अर्जही करावा, कारण आदेशाला स्थगिती देण्याचा अधिकार न्यायाधिकरणाला आहे. अपील मान्य झाल्यास पुनर्नियुक्ती आणि मागील वेतन मिळू शकते. पुनर्नियुक्ती शक्य नसल्यास भरपाईची तरतूद असून, दहा वर्षे किंवा अधिक सेवा झालेल्यांना बारा महिन्यांचे आणि इतरांना सहा महिन्यांचे वेतन देण्याचा आदेश होऊ शकतो. निकालाविरुद्ध उच्च न्यायालयात रिट याचिका करावी लागते आणि पुणे जिल्हा मुंबई उच्च न्यायालयाच्या कोल्हापूर येथील सर्किट बेंचच्या (फिरत्या खंडपीठाच्या) कक्षेत नसल्याने ती मुंबईतच दाखल होते.