वेगळ्या गतीने चालणारा काळ : एका कथाकल्पनेची पार्श्वभूमी

अद्भुतकथेतील नायकाने एखाद्या मंतरलेल्या दरीत एक रात्र काढली आणि बाहेर शंभर वर्षे उलटून गेली, तर आजचा वाचक त्याने दचकत नाही. वेगाने जाणाऱ्याचा काळ सावकाश सरतो असे सांगणाऱ्या १९०५ मधील सापेक्षता सिद्धांतानंतर त्याची तयारी झालेली आहे. १९११ मध्ये एका फ्रेंच भौतिकशास्त्रज्ञाने अशा प्रवाशाचे उदाहरण मांडले, की जो प्रकाशाच्या वेगाजवळ पोचून स्वतःच्या हिशेबाने दोन वर्षांनी परततो आणि पृथ्वीवर दोन शतके सरलेली पाहतो. पुढे १९७१ मध्ये प्रवासी विमानांतून आण्विक घड्याळे जगाभोवती फिरवण्यात आली. पूर्वेकडे गेलेली सुमारे ५९ नॅनोसेकंद (सेकंदाचे अब्जांश) मागे पडली, तर पश्चिमेकडे गेलेली सुमारे २७३ नॅनोसेकंद पुढे गेली. या पुराव्यानंतर अद्भुतकथेतल्या दरीलाही नियम असावेत, ही अपेक्षा स्वाभाविकपणे वाढली.

याच अपेक्षेतून जुन्या कथांकडेही सापेक्षतेच्या नजरेने पाहण्याची सवय लागली, आणि खरा वाद तिथे आहे. भागवत आणि विष्णुपुराणातील ककुद्मी राजा आपली मुलगी रेवती हिला घेऊन तिच्यासाठी वर विचारायला ब्रह्मलोकी जातो, तिथे चाललेले गायन संपेपर्यंत थांबतो आणि मग त्याला कळते, की मनात योजलेले सारे वर त्यांच्या नातवंडा-पतवंडांसह केव्हाच काळाआड गेले. भागवताच्या हिशेबाने सत्तावीस चतुर्युगे लोटली. एक चतुर्युग ४३ लाख २० हजार वर्षांचे, म्हणजे ही मुदत ११ कोटी ६६ लाख ४० हजार वर्षांची होते. ब्रह्मदेवाचा दिवस एक हजार चतुर्युगांचा असतो. तो दिवस आपल्या बारा तासांइतका धरला, तर राजा तिथे साधारण साडेएकोणीस मिनिटे थांबला असे उत्तर येते, आणि एक गायन ऐकायला तेवढा वेळ अगदी पटण्यासारखा आहे. हा मेळ सुंदर आहे. पण त्यावरून पुराणकारांना सापेक्षता ठाऊक होती असे म्हणणे मला मुळीच मान्य नाही. सापेक्षतेत फरक पडतो तो वेगामुळे आणि गुरुत्वाकर्षणामुळे, तर इथे राजाच्या प्रवासाचा वेग कथेत कुठेच हिशेबात नाही. प्रत्येक लोकाला स्वतःचे कालमान आहे, आणि तिथे गेलेला त्या मानाने जगतो, एवढीच ही कल्पना आहे.

‘काळ थांबला’ हा शब्दप्रयोगही अशा कथांच्या वर्णनात सर्रास येतो आणि घोटाळा करतो. ब्रह्मलोकात काळ थांबलेला नाही. गायन सुरू होते आणि संपते. तुटली आहे ती रेवतीची आपल्या युगाशी असलेली नाळ. म्हणूनच ती परतते तेव्हा आसपासची माणसे खुजी झालेली असतात आणि तिच्या उंचीमुळे बलरामाला नांगराने तिला खाली ओढून घ्यावे लागते. काळाचा फरक तिच्या शरीरावर असा दिसतो, वार्धक्याच्या रूपाने नव्हे.

दुसरी परंपरा याच्या नेमकी उलट आहे. जपानी कथेतला उराशिमा समुद्राखालच्या महालातून परततो, निषिद्ध पेटी उघडतो आणि क्षणात म्हातारा होतो. आयरिश कथेतला ओशीन चिरतारुण्याच्या भूमीतून परततो आणि घोड्यावरून जमिनीवर पडताच तीनशे वर्षे त्याच्या अंगावर कोसळतात. इथे न जगलेली वर्षे कर्जासारखी साठून राहतात आणि एका स्पर्शाने ती वसूल होतात. सापेक्षतेत अशी वसुली नाही. परतलेला प्रवासी तरुण असतो आणि तरुणच राहतो.

विसाव्या शतकातील काल्पनिक विश्वांनी या दोन्ही परंपरा घेतल्या, पण अनेकदा त्यांची सरमिसळ केली. इथला एक दिवस म्हणजे तिथले एक वर्ष, असे ठरलेले प्रमाण द्यायचे आणि शेवटी नायकाला उंबरठ्यावर अचानक म्हातारा करायचे, हे मला पटत नाही, कारण प्रमाण ठरलेले असेल तर नायकाने आतला काळ आतल्या मानाने जगून संपवलेला असतो आणि त्याच्याकडून वसूल करण्यासारखे काही उरलेले नसते.