चकचकीत फरशीवरचा पार्व्हो

कुत्र्यांच्या निवासगृहात पाऊल टाकताच जंतुनाशकाचा उग्र वास आला की मालक निर्धास्त होतो. पण वास हा स्वच्छतेचा पुरावा नव्हे, विशेषतः पार्व्होच्या, म्हणजे कुत्र्यांना उलटी-जुलाबाचा गंभीर आजार देणाऱ्या विषाणूच्या बाबतीत.

डिस्टेंपर किंवा श्वान-इन्फ्लुएंझा या कुत्र्यांच्या आजारांच्या विषाणूंभोवती स्निग्ध पदार्थाचे आवरण असते. साबण किंवा अल्कोहोल ते विरघळवते आणि त्याबरोबर पेशीला चिकटण्याची साधनेही नष्ट होतात. १९७८ साली प्रथम ओळखल्या गेलेल्या पार्व्होला असे आवरणच नाही. सुमारे २५ नॅनोमीटर व्यासाच्या, ६० प्रथिनघटकांनी बनलेल्या घट्ट कवचात त्याचा डीएनए सुरक्षित असतो. त्यामुळे हाताला लावायच्या सॅनिटायझरला तो फारशी दाद देत नाही आणि फरशीच्या भेगेत महिनोन्‌महिने टिकून राहतो.

त्याच्यावर सोडियम हायपोक्लोराइट, म्हणजे साधे ब्लीच, चालते. कारण त्यातला क्रियाशील क्लोरीन कवचातल्या प्रथिनांचे ऑक्सिडीकरण करतो. मात्र क्लोरीनला विषाणू आणि विष्ठा यांत फरक करता येत नाही. फरशीवर विष्ठेचा पातळ थर जरी उरला असेल, तरी क्लोरीन त्या थरातील सेंद्रिय पदार्थांवरच खर्ची पडतो आणि त्याखालचा विषाणू सुखरूप राहतो. म्हणून आधी मळ उचलायचा, मग साबणाने घासून स्वच्छ पाण्याने धुवायचे, आणि त्यानंतरच एक भाग ब्लीच व तीस भाग पाणी असे ताजे द्रावण ओतून फरशी दहा मिनिटे ओली ठेवायची. लगेच पुसून टाकल्यास सारी मेहनत वाया जाते. प्रखर झोताचा पाइप तर टाळावाच, कारण तो विष्ठेचे शिंतोडे शेजारच्या पिंजऱ्यात उडवतो.

लसीला पर्याय नाही. तरीही आईकडून आलेली प्रतिपिंडे पिल्लाच्या लसीलाच निष्प्रभ करू शकतात. म्हणून लसीचे डोस वयाच्या किमान सोळा आठवड्यांपर्यंत द्यावे लागतात आणि एका डोसावर पिल्लू सुरक्षित मानता येत नाही. ‘प्रतिकारशक्ती वाढवणाऱ्या’ चूर्णांनी यातले काहीच साधत नाही. काही जण रोग टाळण्यासाठी लसूण खाऊ घालतात, तो तर कुत्र्याच्या तांबड्या रक्तपेशींना घातक ठरतो.

केनेल कफचे, म्हणजे कुत्र्यांच्या संसर्गजन्य खोकल्याचे, जंतू हवेतून पसरत असल्याने तिथे ब्लीचपेक्षा खेळती हवा आणि वेगळी खोली अधिक महत्त्वाची ठरते.

पार्व्होबाधित कुत्रा उलटी-जुलाब सुरू होण्यापूर्वीच विष्ठेतून विषाणू टाकू लागतो. त्यामुळे काळजीवाहकाने पिल्लांचे आणि निरोगी कुत्र्यांचे काम आधी उरकावे, नव्याने आलेल्यांकडे त्यानंतर जावे, आणि आजारी कुत्र्याच्या खोलीत सर्वांत शेवटी, वेगळी पादत्राणे व वेगळा कुंचा घेऊन शिरावे. बरा झालेला कुत्राही काही दिवस विषाणू टाकत राहतो आणि त्याच्या केसांत तो अडकून असतो. म्हणून विलगीकरणाची मुदत पुरी झाल्यावर, इतरांत सोडण्यापूर्वी, त्याला शेपटीच्या टोकापर्यंत चोळून आंघोळ घालावी.