पार्श्वभूमी: मोलकरणींच्या मोर्चातून वारल्यांच्या पाड्यावर, पुण्याच्या गोदूताई

पुण्यात घरकामगार बायकांच्या हक्काच्या सुट्टीचा, बोनसचा विषय निघाला की 1980 च्या संपाची आठवण निघतेच. पण या लढ्याचं मूळ शोधायचं तर आणखी चार दशकं मागे जावं लागतं. तिथे भेटतात त्याही पुण्याच्याच: गोदावरी गोखले, पुढच्या गोदूताई परुळेकर.

जन्म 14 ऑगस्ट 1907 चा, पुण्यातला. वडील वकील, विचारांनी मवाळ. मुलीनेही कायद्याची पदवी घेतली, पण वकिलीत ती रमली नाही. सत्याग्रहात तुरुंगात गेली, ते घरी रुचलं नाही आणि तिने मुंबई गाठली. गोपाळ कृष्ण गोखल्यांनी 1905 मध्ये पुण्यात स्थापलेल्या भारत सेवक समाजाची ती पहिली स्त्री आजीव सदस्य झाली.

कामगार चळवळ भारत सेवक समाजाला नवी नव्हती; त्याचेच सदस्य ना. म. जोशी हे आयटक ही देशपातळीवरची कामगार संघटना 1920 मध्ये उभी करणाऱ्यांपैकी एक होते. पण गिरणीला फाटक असतं, पाळी सुटली की तिथे सभा घेता येते. मोलकरीण एकेका घरात एकटी राबते. तिला गाठायचं कुठे? ज्यांना कोणी कामगार म्हणतच नव्हतं, त्या बायकांना गोदूताईंनी जमवलं आणि 1938 मध्ये मुंबईत त्यांचा हजारोंचा मोर्चा काढला. पुढच्या वारली आदिवासींच्या लढ्याच्या तेजात हे काम झाकोळून गेलं, याची मला फार खंत वाटते.

1939 मध्ये भारत सेवक समाजातल्याच शामराव परुळेकरांशी लग्न, त्याच सुमारास कम्युनिस्ट पक्ष, मग युद्धकाळातला तुरुंगवास.

जानेवारी 1945 मध्ये टिटवाळ्याला किसान सभेची परिषद भरली आणि गोदूताईंची वाट ठाणे जिल्ह्यातल्या वारली पाड्यांकडे वळली. तिथे लग्नगडी नावाची रीत होती. लग्नासाठी सावकाराकडून थोडे पैसे उचलायचे आणि ते फिटेपर्यंत नवरा-बायकोने त्याच्याकडे राबायचं. ते फिटत नसत. त्यात वेठ वेगळी. मे महिन्यात झरी गावच्या सभेत ठरलं: वेठ करायची नाही, रोज 12 आणे घ्यायचे. गवतकापणीच्या संपात मागणी होती 500 पौंड गवताला अडीच रुपयांची. 10 ऑक्टोबरला तलवाड्याला पोलिसांनी गोळीबार केला, 5 जण मेले. तरी वारली हटले नाहीत. वेठ आणि लग्नगडी दोन्ही मोडल्या.

या लढ्यावरच्या त्यांच्या पुस्तकाला 1972 मध्ये साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. 1986 मध्ये त्या अखिल भारतीय किसान सभेच्या अध्यक्ष झाल्या, त्या पदावरच्या पहिल्या स्त्री. 8 ऑक्टोबर 1996 ला त्या गेल्या. सोलापूरजवळ कुंभारीला विडी कामगार बायकांची 10 हजार घरांची वसाहत उभी राहिली, तिला त्यांचंच नाव आहे.

घरकामगारांच्या कल्याण मंडळाचा कायदा महाराष्ट्रात आला तो 2008 साली. मुंबईतल्या त्या मोर्चाला तेव्हा 70 वर्षं झाली होती.