रात्रकालीन बाँबफेकी महिला रेजिमेंट, सोव्हिएत

दुसऱ्या महायुद्धात सोव्हिएत हवाई दलाकडून लढलेली ही तुकडी असून तिच्यातील वैमानिक, नॅव्हिगेटर (विमानाला मार्ग दाखवणाऱ्या), मेकॅनिक आणि बाँब चढवणाऱ्या या सगळ्या स्त्रियाच होत्या. वैमानिक मारिना रास्कोवा यांच्या प्रयत्नांमुळे ऑक्टोबर १९४१ मध्ये स्त्रियांच्या तीन रेजिमेंटी उभारण्याचा आदेश निघाला व व्होल्गाकाठच्या एंगेल्स येथे प्रशिक्षण सुरू झाले. त्यांपैकी ५८८वी ही रात्रीच्या हल्ल्यांसाठी होती. येवदोकिया बेर्शान्स्काया यांच्या नेतृत्वाखाली ती जून १९४२ मध्ये आघाडीवर उतरली आणि इतर दोन रेजिमेंटींत पुढे पुरुषही आले, तरी ही अखेरपर्यंत स्त्रियांचीच राहिली.

तिच्या वाट्याला आलेले पो-२ हे लाकूड व कापडाचे, उघड्या कॉकपिटचे दुपंखी विमान मुळात शिकाऊ वैमानिकांसाठी बनवलेले होते. ताशी जेमतेम १५० किमी. वेगाचे हे विमान दिवसा सहज टिपले गेले असते, म्हणून अंधार हेच त्याचे संरक्षण. लक्ष्याजवळ येताच वैमानिक इंजिन मंदावून विमान तरंगत खाली आणी, तेव्हा पंखांच्या तारांमधून घुमणाऱ्या वाऱ्याखेरीज खंदकांतील सैनिकांना काहीच ऐकू येत नसे. जर्मनांनी या स्त्रियांना ‘रात्रीच्या चेटकिणी’ म्हटले. हे नाव जगभर गाजले, पण त्यामागचे कष्ट त्यात दिसत नाहीत. एका रात्रीत एकेक विमान आठ-दहा फेऱ्या करी, आणि प्रत्येक फेरीपूर्वी जमिनीवरच्या मुली बाँब हातांनी उचलून पंखांखाली अडकवत. कडाक्याच्या थंडीतही हे काम त्या उघड्या बोटांनी करत, कारण हातमोज्यांत फ्यूज नीट बसवता येत नसे.

१९४४ पर्यंत त्या पॅराशूटविना उडत. ३१ जुलै १९४३ च्या रात्री दक्षिण रशियातील कुबान भागावर जर्मन तोफा गप्प राहिल्या, फक्त शोधदिवे पेटले; त्या प्रकाशात जर्मन लढाऊ विमानाने रेजिमेंटची चार विमाने पेटवली व आठ जणी मरण पावल्या.

१९४३ मध्ये रेजिमेंटला ‘गार्ड्‌स’ हा पराक्रमी तुकड्यांना दिला जाणारा सन्मान व ४६ हा नवा क्रमांक मिळाला. युद्धात तिने २३,००० हून अधिक उड्डाणे केली. ऑक्टोबर १९४५ मध्ये ती विसर्जित झाली. मॉस्को विद्यापीठातील खगोलशास्त्राचे शिक्षण अर्धवट टाकून आलेली नॅव्हिगेटर येवगेनिया रुदनेवा ६४५ उड्डाणांनंतर एप्रिल १९४४ मध्ये क्रिमियातील केर्चजवळ मारली गेली. १९०७ क्रमांकाच्या लघुग्रहाला तिचे नाव दिलेले आहे.